झेश रेहमान: बर्मिंगहॅमचा पोरगा, पाकिस्तानचा कर्णधार, पोर्ट्समथचा प्रशिक्षक (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

पाकिस्तानी फुटबॉलपटू म्हटलं की आपल्याकडे पहिला प्रश्न येतो तो, "तिकडे फुटबॉल खेळतात?" दुसरा प्रश्न बहुतेक वेळा झेश रेहमानबद्दल असतो, कारण ज्यांनी वीस वर्षांपूर्वी रात्री जागून प्रीमियर लीग पाहिली त्यांना फुलहॅमच्या पांढऱ्या जर्सीवरचं ते आडनाव आठवतं. पुढे त्याचं काय झालं हे मात्र फारसं कोणाला ठाऊक नसतं. माझ्या मते त्याच्या कारकिर्दीचा वाचण्यासारखा भाग तिथूनच सुरू होतो.

झेश रेहमान कोण?

पूर्ण नाव झीशान रेहमान. जन्म १४ ऑक्टोबर १९८३, बर्मिंगहॅम, इंग्लंड. आईवडील पाकिस्तानी वंशाचे. खेळायची जागा बचावफळीत: मुख्यतः सेंटर-बॅक, वेळ पडली तर राइट-बॅक. फुलहॅमच्या अकादमीत घडला, इंग्लंडच्या वयोगट संघांतून खेळला, मग पाकिस्तानच्या वरिष्ठ संघात आला आणि त्याचा कर्णधारही झाला. इंग्लंड, थायलंड, हाँगकाँग आणि मलेशिया अशा चार ठिकाणी व्यावसायिक फुटबॉल खेळून तो प्रशिक्षणाकडे वळला.

जन्म इंग्लंडचा, मग खेळ पाकिस्तानकडून कसा?

फिफाचा साधा हिशोब असा की खेळाडूकडे त्या देशाचं नागरिकत्व हवं आणि त्या देशाशी खरं नातं हवं. आईवडील किंवा आजीआजोबा तिथले असले तर ते नातं धरलं जातं. पाकिस्तान ब्रिटनसोबत दुहेरी नागरिकत्व मान्य करतो, म्हणजे ब्रिटिश पासपोर्ट न सोडता पाकिस्तानचा घेता येतो. इंग्लंडच्या वरिष्ठ संघाकडून रेहमान कधी खेळलेला नव्हता, त्यामुळे वाट मोकळी होती.

डिसेंबर २००५ मध्ये कराचीत सॅफ, म्हणजे दक्षिण आशियाई देशांची फुटबॉल स्पर्धा झाली. तिथे तो पाकिस्तानकडून उतरला. त्या संघाचे प्रशिक्षक होते बहारीनचे सलमान शरीदा. पाकिस्तान उपांत्य फेरीपर्यंत गेला आणि बांगलादेशकडून १-० ने हरला. इंग्लिश हिवाळ्यात, भर मोसमात, प्रीमियर लीगच्या क्लबातला खेळाडू कराचीला सॅफ खेळायला येतो हे तेव्हा दक्षिण आशियात कोणी पाहिलेलं नव्हतं.

तो खरंच प्रीमियर लीगमधला पहिला 'ब्रिटिश एशियन' होता का?

या प्रश्नाचं उत्तर एका ओळीत देणारे बहुतेक चुकतात.

आधी शब्द. ब्रिटनमध्ये 'एशियन' म्हणजे चिनी-जपानी नव्हे. भारत, पाकिस्तान, बांगलादेश, श्रीलंका इथून गेलेली कुटुंबं. २०२१ च्या जनगणनेत इंग्लंड आणि वेल्समध्ये आशियाई म्हणून नोंदलेले लोक ९.३ टक्के होते, आणि त्यात मोठा वाटा याच कुटुंबांचा. इतकी वस्ती, गल्लोगल्ली फुटबॉल, आणि व्यावसायिक क्लबांत मात्र बोटांवर मोजण्याइतके खेळाडू. म्हणून 'पहिला' या बिरुदाला तिकडे इतकं वजन.

रेहमान २००४ मध्ये फुलहॅमकडून प्रीमियर लीगमध्ये आला. सुरुवातीच्या अकरात उतरणारा पहिला ब्रिटिश एशियन म्हणून त्याचं नाव घेतलं गेलं, आणि पाकिस्तानी वंशाचा पहिला हा मान निर्विवाद त्याचा. पण न्यूकॅसलचा मायकेल चोप्रा आसपासच वर आला होता. त्याच्याही आधी जिमी कार्टर होता. मिलवॉलहून जानेवारी १९९१ मध्ये लिव्हरपूलने त्याला घेतलं, मग तो आर्सेनलला गेला आणि प्रीमियर लीग सुरू झाली तेव्हा तिथेच होता. कार्टरचे वडील भारतीय. आडनाव इंग्रजी, रंग उजळ, त्यामुळे वर्षानुवर्षं कोणाच्या लक्षातच आलं नाही. नंतर नोंदी तपासताना लोकांना कळलं की 'पहिला' म्हणून ज्याची शोधाशोध चालली होती तो कधीच खेळून गेला होता.

तेव्हा नेमकं सांगायचं तर एवढंच म्हणावं: ज्याच्या नावावरून आणि चेहऱ्यावरून साऊथॉलच्या आणि ब्रॅडफर्डच्या पोरांना 'हा आपला' असं वाटलं, असा प्रीमियर लीगमधला पहिला बचावपटू रेहमान.

फुलहॅममध्ये त्याचं नेमकं काय झालं?

ख्रिस कोलमन व्यवस्थापक असतानाचा तो काळ. त्या दिवसांत क्रेव्हन कॉटेजचं, म्हणजे फुलहॅमच्या स्वतःच्या मैदानाचं, काम चालू होतं आणि फुलहॅम २००२ ते २००४ दोन मोसम लॉफ्टस रोडवर, म्हणजे क्वीन्स पार्क रेंजर्सच्या मैदानावर, भाड्याने खेळत होतं. रेहमान वर येत होता तो असा दुसऱ्याच्या घरात. गंमत म्हणजे पुढे २००६ मध्ये तो विकला गेला तो त्याच क्वीन्स पार्क रेंजर्सला, म्हणजे त्याच मैदानावर, पण या वेळी यजमान म्हणून.

फुलहॅममध्ये तो पक्का झाला नाही. २००४-०५ मध्ये बऱ्यापैकी संधी मिळाली, पुढच्या मोसमात ती आटली, जानेवारी २००६ मध्ये नॉर्विचला लोनवर पाठवलं. लोन म्हणजे उसनवारी: करार मूळ क्लबाशी, घाम दुसऱ्या क्लबासाठी. याआधी २००३-०४ मध्ये ब्रायटनला तो असाच गेला होता आणि तो अनुभव चांगला होता. ब्रायटन त्या मोसमाअखेर प्ले-ऑफ जिंकून वरच्या विभागात गेलं.

बावीस-तेविसाव्या वर्षी प्रीमियर लीगच्या क्लबातून खाली येणं हे इंग्लिश फुटबॉलमध्ये रोजचंच आहे. अकादमीतल्या पोरांपैकी बहुतेकांचं तेच होतं. रेहमानच्या बाबतीत फरक एवढाच की त्याच्या पाठीवर 'पहिला' अशी पाटी होती, त्यामुळे त्याचं साधं खाली येणंही बातमी झालं.

चारही विभागांत खेळलेला पहिला ब्रिटिश एशियन, हे काय प्रकरण आहे?

इंग्लिश व्यावसायिक फुटबॉलच्या चार पायऱ्या: वर प्रीमियर लीग, खाली चॅम्पियनशिप, लीग वन, लीग टू. फुलहॅमकडून पहिली, नॉर्विच आणि क्वीन्स पार्क रेंजर्सकडून दुसरी, ब्रायटनकडून तिसरी, ब्रॅडफर्ड सिटीकडून चौथी. चारही पायऱ्या चढलेला-उतरलेला पहिला ब्रिटिश एशियन तोच.

हे बिरुद मला 'पहिला प्रीमियर लीगवाला' या बिरुदापेक्षा जास्त आवडतं. वरच्या पायरीवर एकदा पाय ठेवणं प्रतिभेचं लक्षण असेल, पण चारही पायऱ्यांवर कोणीतरी तुम्हाला पगार देतं म्हणजे तुम्ही कामाचे गडी आहात. प्रशिक्षक म्हणून त्याला जे सांगायचं आहे त्यातलं बरंच इथलं असणार: साठ हजारांचं स्टेडियमही पाहिलंय आणि मंगळवारच्या रात्री पावसात चौथ्या विभागातला सामनाही खेळलाय.

क्वीन्स पार्क रेंजर्समध्ये भारतीय मालक होते ना? त्याचा काही संबंध?

थेट नाही. २००७ मध्ये फॉर्म्युला वनवाले फ्लाव्हिओ ब्रियातोरे आणि बर्नी एक्लेस्टन यांनी क्लब घेतला आणि त्याच डिसेंबरात लक्ष्मी मित्तल कुटुंबाने २० टक्के हिस्सा घेतला. पैसा आला की क्लब नवे, महागडे खेळाडू आणतो आणि आधीचे मागे पडतात. रेहमान मागे पडलेल्यांत होता. पुढे ब्लॅकपूलला लोन, मग ब्रॅडफर्ड.

जाता जाता: २०१० च्या नोव्हेंबरात पुण्याच्या व्यंकीजने ब्लॅकबर्न रोव्हर्स विकत घेतलं. म्हणजे इंग्लिश क्लबाच्या मालकांच्या खुर्चीत आपली माणसं बसू लागली, त्याच इंग्लंडात डगआउटमध्ये, म्हणजे मैदानाकाठच्या प्रशिक्षकांच्या बाकावर, मात्र दक्षिण आशियाई चेहरा सापडेना. रेहमानच्या प्रशिक्षकपदाचं महत्त्व या विरोधाभासात आहे.

ब्रॅडफर्डच का?

यॉर्कशायरमधल्या या शहरात पाकिस्तानी, त्यातही मीरपूरकडून आलेल्या कुटुंबांची मोठी वस्ती. कापडगिरण्यांत कामाला आलेली पिढी, त्यांची नातवंडं आता तिथलीच. पण व्हॅली परेड मैदानाच्या आसपास राहणारे हे लोक स्टँडमध्ये फारसे दिसत नसत. २००९ मध्ये स्टुअर्ट मॅकॉलच्या संघात रेहमान आधी लोनवर आणि मग कायमचा आला. अशा शहरात, अशा नावाचा खेळाडू क्लबाच्या जर्सीत असणं ही नुसती फुटबॉलची बाब राहत नाही.

आणि इथे इतिहासाचा एक सुंदर योग आहे. १९५६ मध्ये याच ब्रॅडफर्ड सिटीत मसूद फखरी नावाचा पाकिस्तानी आंतरराष्ट्रीय खेळाडू गेला होता. फखरी त्याआधी कोलकात्यात ईस्ट बंगालकडून खेळायचा. फाळणीनंतरही पन्नाशीच्या दशकात पाकिस्तानी फुटबॉलपटू कोलकात्याच्या मैदानात सर्रास खेळत, हे आज सांगितलं तर लोकांना खोटं वाटतं. मोहम्मडन स्पोर्टिंगमध्ये उमर, ईस्ट बंगालमध्ये फखरी. उलट दिशेनेही माणसं गेली: मलप्पुरमचा मोईदीन कुट्टी पाकिस्तानचा कर्णधार झाला. तेव्हा पाकिस्तानचा कर्णधार म्हणून बर्मिंगहॅमचा पोरगा उभा राहतो यात नवल वाटायला नको. त्या संघाची भरती पहिल्यापासून सीमेपलीकडूनही होत आली आहे.

इंग्लंड सोडून थायलंडला जाणं म्हणजे उतरती कळा नाही का?

इंग्लिश वर्तमानपत्रांच्या नजरेतून, हो. मला तसं वाटत नाही.

२०१० च्या शेवटी रेहमान मुआंगथाँग युनायटेडमध्ये गेला. थाई लीगमध्ये तेव्हा पैसा येत होता, प्रेक्षक येत होते, आणि २०११ मध्ये लिव्हरपूलचा जुना हिरो रॉबी फाऊलरही त्याच क्लबात येऊन दाखल झाला. वर्ष संपता संपता फाऊलर तिथला खेळाडू-प्रशिक्षक झाला. खेळता खेळता संघ चालवणं कसं असतं हे त्या ड्रेसिंग रूममध्ये बसलेल्या प्रत्येकाला जवळून दिसलं असणार.

मग हाँगकाँगचा किची. त्यानंतर मलेशियात पहांग, आणि माझ्या हिशोबी हा त्याच्या खेळाडू म्हणून कारकिर्दीचा सगळ्यात भरघोस काळ. २०१४ मध्ये पहांगने मलेशियाचा एफए कप जिंकला, अंतिम सामन्यात फेल्डा युनायटेडला २-१ ने हरवून. नोव्हेंबरात बुकित जलीलच्या प्रचंड स्टेडियममध्ये मलेशिया कपच्या अंतिम सामन्यात जोहोर दारुल ताझिमशी २-२ अशी बरोबरी झाली आणि पेनल्टीवर पहांग जिंकलं. मलेशिया कप ही तिथली जुनी, मानाची स्पर्धा. आपल्याकडे रोव्हर्स किंवा ड्युरँडला एके काळी जे स्थान होतं तसं समजा. बचावात त्याच्या जोडीला जमैकाचा डॅमियन स्टुअर्ट होता, जो क्वीन्स पार्क रेंजर्समध्येही त्याच्याबरोबर होता. लंडनमध्ये जमलेली जोडी पहांगच्या कुआंतानला जाऊन चषक उचलते, असलं काही फुटबॉलमध्येच घडतं.

फुलहॅमच्या राखीव खेळाडूंच्या बाकावर बसून राहिला असता तर चषकांची ही फळी त्याच्याकडे नसती. विमानात बसायची तयारी ही त्याच्या खेळातली सगळ्यात मोठी गुणवत्ता होती, असं मी गंमतीने म्हणतो, पण अगदी गंमतीने नाही.

पाकिस्तानकडून त्याला फार सामने का मिळाले नाहीत?

कारण पाकिस्तानच्या संघालाच सामने मिळत नव्हते. हे दुखणं जरा सविस्तर सांगायला हवं, नाहीतर तिथल्या कुठल्याच खेळाडूची आकडेवारी कळणार नाही.

२०१५ मध्ये पाकिस्तान फुटबॉल फेडरेशनमध्ये फूट पडली. एका गटाचं कार्यालय, दुसऱ्या गटाचं कोर्ट, असा मामला. मार्च २०१५ मध्ये विश्वचषक पात्रतेत येमेनशी खेळल्यावर वरिष्ठ संघ थेट २०१८ च्या सॅफ स्पर्धेत दिसला. तीन वर्षांहून जास्त काळ एकही सामना नाही. खेळाडूच्या आयुष्यात तीन वर्षं म्हणजे काय ते विचार करा. बचावपटूची ऐन तिशी त्यात निघून जाते.

फिफाने ऑक्टोबर २०१७ मध्ये फेडरेशन निलंबित केलं, मार्च २०१८ मध्ये उठवलं. सप्टेंबर २०१९ मध्ये कारभार सुधारायला समिती नेमली. एप्रिल २०२१ मध्ये पुन्हा निलंबन, ते २०२२ च्या मध्यावर उठलं. फेब्रुवारी २०२५ मध्ये तिसऱ्यांदा, ते महिन्याभरात मिटलं. आपण भारतीय यावर फार हसू नये: ऑगस्ट २०२२ मध्ये फिफाने आपल्याही महासंघाला अकरा दिवस निलंबित केलं होतं.

परदेशात जन्मलेला असा तो एकटाच का?

नाही. अदनान अहमद मँचेस्टर युनायटेडच्या अकादमीतून आला. डेन्मार्कमधून हसन बशीर आणि गोलरक्षक युसूफ बट आले. रेहमानमुळे एक पायवाट पडली, असं म्हणणं जास्त होणार नाही.

अलीकडचं नाव इसाह सुलेमान. तोही बर्मिंगहॅमचा, तोही सेंटर-बॅक. २०१७ मध्ये इंग्लंडने १९ वर्षांखालील युरो जिंकला तेव्हा पोर्तुगालविरुद्धच्या अंतिम सामन्यात त्याने गोल केला होता. २०२३ पासून तो पाकिस्तानकडून खेळतो. त्याच वर्षी १७ ऑक्टोबरला इस्लामाबादच्या जिना स्टेडियममध्ये पाकिस्तानने कंबोडियाला १-० ने हरवलं आणि विश्वचषक पात्रता स्पर्धेतला आपला पहिलावहिला विजय मिळवला. गोल हारून हमीदचा, तोही लंडनमध्ये घडलेला. प्रशिक्षक स्टीफन कॉन्स्टंटाइन, म्हणजे ज्यांनी भारताच्या संघाला दोन वेळा शिकवलं तेच.

मग भारताला असे खेळाडू का मिळत नाहीत?

भारत दुहेरी नागरिकत्व मानत नाही. ओसीआय कार्ड असलं तरी ते नागरिकत्व नव्हे, आणि भारताकडून खेळायला भारतीय पासपोर्टच हवा. म्हणजे खेळाडूने आपला मूळ पासपोर्ट सोडायचा. तेविसाव्या वर्षी युरोपात करार शोधणाऱ्या पोराकडून ही अपेक्षा जड आहे.

तरी दोघांनी ते केलं, आणि दोघांचा आपल्याशी संबंध आहे. अराता इझुमी: आई जपानी, वडील गुजराती वंशाचे. मुंबईच्या महिंद्रा युनायटेडकडून आणि नंतर पुणे एफसीकडून खेळला. बालेवाडीच्या स्टँडमध्ये ज्यांनी ते सामने पाहिले त्यांना त्याचे दुरून मारलेले फटके आठवतील. जपानचा पासपोर्ट सोडून २०१३ मध्ये तो भारताकडून उतरला. पुढे तोही प्रशिक्षक झाला आणि रिलायन्स फाउंडेशनच्या यंग चॅम्प्सच्या पोरांना शिकवू लागला. रेहमानचा भारतीय जोडीदार शोधायचाच तर तो अराता.

दुसरा रायन विल्यम्स. जन्म पर्थचा, आईकडून नातं मुंबईच्या अँग्लो-इंडियन कुटुंबाशी. २०२५ मध्ये त्याने ऑस्ट्रेलियाचा पासपोर्ट सोडून भारतीय नागरिकत्व घेतलं. हा विल्यम्स आधी फुलहॅममध्येही होता आणि पोर्ट्समथमध्येही, म्हणजे रेहमानच्या दोन्ही पत्त्यांवर.

तो प्रशिक्षक कसा झाला?

एका रात्रीत नाही. २०१६-१७ चा मोसम गिलिंगहॅमकडून खेळून तो पुन्हा हाँगकाँगला गेला, सदर्न या क्लबात. तिथे खेळाडू म्हणून सुरुवात करून तो हळूहळू प्रशिक्षणात उतरला.

मोठ्या खेळाडूंना निवृत्तीनंतर नावावर नोकरी मिळते. रेहमानसारख्या मधल्या फळीतल्या खेळाडूला परवाने एकेक करून मिळवावे लागतात: सी, बी, ए आणि शेवटी प्रो. प्रत्येक पायरीला वर्गात बसणं, मैदानावर सराव घेऊन दाखवणं, परीक्षकासमोर आपल्या निर्णयाची कारणं देणं. ज्याने पंधरा वर्षं "डावीकडे सरक, लाइन धर" असं ओरडून खेळ केला त्याला आता ते का ओरडायचं हे समजावून सांगावं लागतं. सेंटर-बॅकला हे त्या मानाने सोपं जात असावं. सगळं मैदान त्याच्या समोर असतं, पाठीमागे फक्त गोली.

पोर्ट्समथमध्ये त्याचं काम काय होतं?

२०२१ मध्ये तो पोर्ट्समथच्या अकादमीत आला, व्यावसायिक विकास टप्प्याचा मुख्य प्रशिक्षक म्हणून. नाव बोजड आहे, काम नाजूक.

इंग्लिश अकादमीत पोरांचे तीन टप्पे असतात: लहान वय, मग बारा ते सोळा, मग सतरापासून पुढे. तिसरा टप्पा निर्दय. सोळाव्या वर्षी पोराला दोन वर्षांची शिष्यवृत्ती मिळते आणि अठराव्या वर्षी क्लब सांगतो, करार की निरोप. आठव्या-नवव्या वर्षापासून त्याच क्लबाची जर्सी घातलेल्या पोराला "तुझं इथे जमणार नाही" हे त्या टप्प्यावर ऐकावं लागतं. त्याला तोवर तयार करणं, आणि निरोप मिळाला तर दुसरी वाट दाखवणं, हे सगळं याच प्रशिक्षकाच्या अंगावर. जो स्वतः बावीस-तेविसाव्या वर्षी मोठ्या क्लबातून बाहेर पडून बँकॉक-कुआंतानपर्यंत गेला, तो त्या पोराला "फुटबॉल इथे संपत नाही" असं म्हणाला तर ऐकण्यात काही अर्थ असतो. अकादमीने नेमताना हाच विचार केला होता की नाही, मला माहीत नाही. केला नसेल तर नशीब बलवत्तर.

जानेवारी २०२३ मध्ये डॅनी काउली यांना क्लबाने काढलं. सायमन बासी यांनी तात्पुरती सूत्रं घेतली आणि त्यांच्या मदतीला रेहमान वरिष्ठ संघाकडे गेला. नवे व्यवस्थापक जॉन मुसिन्हो आल्यावरही तो वरिष्ठ संघाच्या प्रशिक्षकांत राहिला. पोर्ट्समथने २०२३-२४ मध्ये लीग वन जिंकली, ९७ गुण घेऊन, आणि १६ एप्रिल २०२४ च्या रात्री आपल्या फ्रॅटन पार्क मैदानावर बार्न्सलीला ३-२ ने हरवून चॅम्पियनशिपचं दार उघडलं.

पाकिस्तानात राहून प्रशिक्षक झालेले कोणी नाहीत का?

आहेत, आणि रेहमानच्या झगमगाटात त्यांना विसरू नये. तारिक लुत्फी यांचं नाव पहिलं. २००४ च्या दक्षिण आशियाई स्पर्धेत इस्लामाबादला पाकिस्तानने अंतिम सामन्यात भारताला १-० ने हरवून सुवर्ण घेतलं तेव्हा संघ त्यांचा होता. २०१३ मध्ये खान रिसर्च लॅबोरेटरीजचा संघ त्यांनी एएफसी प्रेसिडेंट्स कपच्या अंतिम फेरीत नेला.

क्लबाचं नाव वाचून चकित होऊ नका. तिकडचा फुटबॉल वर्षानुवर्षं खात्यांनी पोसला: वापडा (पाणी आणि वीज खातं), लष्कर, नॅशनल बँक, विमान कंपनी, गॅस कंपनी, अणुसंशोधन प्रयोगशाळा. खेळाडूला नोकरी, नोकरीमुळे घर. आपल्याकडे मुंबईत महिंद्रा, टाटा, एअर इंडिया, ओएनजीसी यांचे संघ होते तसंच. फरक एवढा की आपले ते संघ बंद पडले तरी पुढे लीग आली. तिथे खाती मागे सरली तेव्हा खाली दुसरी जमीन नव्हती. चमन, क्वेट्टा, कराचीतलं ल्यारी इथल्या पोरांचा सगळा भरवसा त्या नोकऱ्यांवर होता. जगातले फुटबॉल सियालकोटात शिवले जातात आणि ल्यारीच्या पोराला खेळायला क्लब नाही, ही तिकडची जुनीच खंत.

त्या पिढीतला चमनचा मुहम्मद ईसा आठवतो. १२ जून २००५ ला क्वेट्ट्यात सुनील छेत्रीने भारतासाठी पहिला सामना खेळला, पहिला गोल केला. तो गोल फेडून १-१ अशी बरोबरी साधणारा ईसाच होता. छेत्री पुढे कुठे पोहोचला ते आपल्याला ठाऊक आहे. ईसाला त्याच्यासारखे सामनेच मिळाले नाहीत.

त्याच्या नावाची संस्था आहे ती काय करते?

झेश रेहमान फाउंडेशन, २०१० पासून. ब्रिटनमध्ये, आणि तो जिथे जिथे खेळला त्या आशियाई देशांत, मुलांसाठी फुटबॉलची शिबिरं. त्याचा भाऊ रिझ रेहमान इंग्लंडच्या खेळाडू संघटनेत, पीएफएमध्ये, आशियाई वंशाच्या तरुण खेळाडूंना जुन्या खेळाडूंशी जोडून देण्याचा उपक्रम चालवतो. दोघांचं काम एकमेकांना पूरक आहे. अकादमीत सोळा वर्षांच्या मुस्लिम पोराला रमजानात सरावाचं कसं करायचं, शुक्रवारच्या नमाजाचं व्यवस्थापकाला कसं सांगायचं, असले प्रश्न आधी कोणाला विचारायची सोय नव्हती.

खेळाडू म्हणून तो खरंच किती चांगला होता?

स्पष्ट सांगतो: तो महान नव्हता. उंच, हवेत चांगला, चेंडू साधेपणाने पुढे देणारा. फार वेगवान नाही. इंग्लंडच्या वरिष्ठ संघाच्या आसपासही गेला नसता, कारण तेव्हा त्या जागेसाठी रिओ फर्डिनांड आणि जॉन टेरी होते.

मला त्याच्यात रस वाटतो तो याचमुळे. एखाद्या समाजातून एखादा असामान्य खेळाडू निघाला तर त्यातून वाट पडतेच असं नाही. लोक त्याला अपवाद म्हणून मोकळे होतात. सामान्य दर्जाचा, कष्टाळू व्यावसायिक निघाला, पंधरा-सोळा वर्षं टिकला आणि मग हातात शिट्टी घेऊन दुसऱ्यांच्या पोरांना शिकवायला उभा राहिला, तर क्लबाच्या दारावरच्या रखवालदारालाही त्या आडनावाची सवय होते.

त्याचं नाव 'झेश' कसं उच्चारायचं? 'जेश' म्हणतात ते चूक का?

मूळ 'झीशान', त्याचं लाडकं रूप 'झेश'. 'झ' दातांशी येणारा, 'झरा', 'झोप' किंवा 'झाड' म्हणताना येतो तो. मराठी माणसाला हा उच्चार इंग्रज समालोचकांपेक्षा चांगला जमायला हरकत नाही.